कुमारी गुलाबो, वय सहा

३ सप्टेंबर २०१२, सोमवार. पहाटे ५.४०
पाणी दुसऱ्यांदा उकळत ठेवले आहे. ते होईपर्यंत ही वही सुरू करतो.

उद्देश: स्वतःच्या तब्येतीची शास्त्रशुद्ध नोंद. दुसऱ्या कोणी वाचण्यासाठी नाही. मराठीत असल्यामुळे या गल्लीत कोणाला वाचता येणारही नाही.

प्राथमिक माहिती. सुबोध मेश्राम, वय चोवीस. बाबा रेल्वेतून रिटायर होऊन आईसह वर्ध्याला परत गेले. मी करिअरसाठी लखनौतच राहिलो. मुक्काम तेलीबाग, चंदा अम्मांच्या घरामागची खोली. नोकरी निशातगंजच्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये, रिपोर्ट टाइप करणे. शिक्षण बी.एस्सी. मायक्रोबायोलॉजी, अपूर्ण. (नापास वेगळे आणि अपूर्ण वेगळे. मी दोन विषयांत नापास झाल्यामुळे ते अपूर्ण राहिले.)

लॅबमध्ये मी आजवर एकाही जंतूचे स्पेलिंग चुकवलेले नाही. ज्याचे नाव आपण बिनचूक लिहू शकतो तो रोग आपल्याला अर्धा समजलेलाच असतो, असे माझे मत आहे.

नियम: पाणी दोनदा उकळायचे. टेम्पोत मास्क. हात कोपरापर्यंत धुवायचे. भाज्या मिठाच्या पाण्यात. दूध मात्र कच्चेच, अम्मांच्या म्हशीचे, धार काढताना थेट माझ्या ग्लासात. उकळले की त्यातली ताकद जाते. याबद्दल मी एका मासिकातले कात्रण जपून ठेवले आहे.

अम्मा रोज म्हणतात, "भैया, औटा के पिया करो." आज त्यांना एन्झाइम म्हणजे काय ते नीट समजावले. त्या "अच्छा" म्हणाल्या आणि स्वतःचे दूध चुलीवर ठेवले. काही लोकांना समजावून उपयोग नसतो.

९ सप्टेंबर, रविवार
विहारात वंदनेला गेलो. नंतर चहा. तिथे डॉ. प्रणिता गजभिये यांची ओळख झाली. नागपूरच्या. जनावरांच्या डॉक्टर, इथल्या एका संशोधन संस्थेत आहेत, गोमती नगरला राहतात. मी काय करतो विचारले. डायग्नोस्टिक्समध्ये आहे, असे सांगितले. त्या "अरे वा" म्हणाल्या. थोड्या वेळाने, दुसऱ्याच कोणाशी बोलताना का होईना, पुन्हा एकदा "अरे वा" म्हणाल्या.

सगळे त्यांना ताई म्हणतात. मी जाणूनबुजून मॅडम म्हणतो.

आईला फोन केला. तिने विचारले, तिथे मराठीत बोलायला कोणी आहे का रे. आहे, म्हणालो.

संध्याकाळी गुलाबोशी बोललो. गुलाबो म्हणजे अम्मांची म्हैस. गोठा माझ्या खिडकीला लागूनच आहे. दिवसभरातल्या अवघड केसेस मी तिला सांगतो. ती कान हलवते. तिला मराठी कळते असे माझे निरीक्षण आहे. अम्मा म्हणाल्या, तिला माश्या चावतात.

१६ सप्टेंबर, रविवार
वाईट दिवस. सकाळी अम्मांनी हाक मारली. गुलाबो गाभडली. सातवा महिना चालू होता. रेडकू मेलेलेच आले. रेडी होती, पूर्ण अंगाची, पापण्यासुद्धा.

अम्मांना एकटीला उचलेना. मी पुढे झालो. लॅबमधून आणलेली ग्लोव्हजची जोडी खोलीत होती, नवी, सील न फोडलेली. अशा घाणीत ती वाया जाईल म्हणून तशीच ठेवली. हाताने उचलले. नंतर साबणाने कोपरापर्यंत तीनदा धुतले, त्यामुळे काळजीचे कारण नाही.

अम्मा गोठ्याच्या उंबऱ्यावर बसून राहिल्या. या घरात कमावणारी ती एक गुलाबोच. ती व्याली असती तर दोन वर्षे दुधाची चिंता नव्हती. मी त्यांना म्हणालो, कारण शोधून काढतो, माझ्यावर सोडा. त्यांनी पदराने नाक पुसले आणि म्हणाल्या, "तुम चाय पियोगे?"

विहारात जाणे राहिले.

१९ सप्टेंबर
गुलाबो थोडे दूध देते आहे. मी माझा ग्लास चालू ठेवला. आजारी असताना तिला वेगळे वागवणे मला बरे वाटले नाही.

८ ऑक्टोबर, सोमवार
संध्याकाळी ताप. १०१. सकाळी नव्हता.

९ ऑक्टोबर
संध्याकाळी पुन्हा. रात्री इतका घाम की चादर पिळली. सकाळी ठणठणीत. रोग चलाख आहे. पण मीही लॅबमध्ये काम करतो.

१० ऑक्टोबर
स्वतःची विडाल टेस्ट करवून घेतली. म्हणजे टायफॉइडची. राजारामने रक्त काढले. हा आमच्याकडे सुई टोचतो, हात हलका, तोंड जड. म्हणाला, "डॉक्टर साहब खुद बीमार! मरीज़ों का क्या होगा?" मी त्याच्या रजिस्टरमधल्या स्पेलिंगच्या दोन चुका दाखवल्या.

रिपोर्ट किंचित पॉझिटिव्ह. निदान: टायफॉइड. राजाराम म्हणाला, लखनौत विडाल केली की निम्मे शहर किंचित पॉझिटिव्ह निघते. तो त्याचा अनुभव झाला. शास्त्र वेगळे. औषधवाल्याकडून गोळ्या घेतल्या. पाच दिवसांचा कोर्स.

१३ ऑक्टोबर
ताप गेला. तीन दिवसांतच. प्रतिकारशक्ती. उरलेल्या गोळ्या पुढच्या वेळेसाठी ठेवल्या. कच्च्या दुधाचा परिणाम दिसतो आहे. ग्लास मोठा केला.

१८ ऑक्टोबर
ताप परत. कंबर दुखते. गुडघे.

निदान बदलले: मलेरिया. राजारामने स्लाइड पाहिली, काही नाही. त्याचा मायक्रोस्कोप जुना आहे.

२० ऑक्टोबर
टीबीची शक्यता तपासतो आहे. थुंकी व्यवस्थित. मग मलेरियाच, लपलेला.

एक लक्षण या वहीतही लिहिणार नाही. चालताना पाय फाकून टाकावे लागतात एवढेच. राजारामने सगळ्यांसमोर विचारले, "घोड़े से उतर के आ रहे हो क्या?"

गुलाबोला सगळे सांगितले. तिला काही विचारायची सवय नाही, हा तिचा मोठा गुण.

२४ ऑक्टोबर, धम्मचक्र प्रवर्तन दिन
ताप असूनही विहारात गेलो. पांढरा शर्ट इस्त्री करून. घामाने तासाभरात चिकटला.

प्रणिता मॅडम शेजारी बसल्या. मी त्यांना सांगितले, एका म्हशीच्या केसवर काम करतो आहे, सातव्या महिन्यात गाभडली. त्या लगेच वळल्या. आजवर माझ्याकडे एवढे कोणी वळलेले नाही. वार किती वेळाने पडली, पूर्ण पडली का, आधी कधी गाभडली होती का, शेजारच्या गोठ्यात काही? पुष्कळ प्रश्न. शेवटी म्हणाल्या, "ब्रुसेला असू शकतो रे. रक्त तपासायला हवं. मी येऊन नमुना घेते, रविवारी मोकळी आहे."

मी म्हणालो, गरज नाही, माझ्या हातात आहे. केस पूर्ण सोडवूनच त्यांच्यापुढे ठेवायची आहे. निम्मी सोडवलेली केस घेऊन कोण जाते?

उठता उठता त्यांनी विचारले, "आणि तू त्या म्हशीचं दूध उकळून घेतोस ना?"

"अर्थातच," म्हणालो.

का म्हणालो, ते कळत नाही. त्यांनी प्रश्नच अशा पद्धतीने विचारला की नाही म्हणणारा माणूस अडाणी ठरावा. वाद घालायची ती जागा नव्हती. पुढे कधी त्यांना कात्रण दाखवीन.

२८ ऑक्टोबर, रविवार
राजारामला समोशांच्या बोलीवर तेलीबागला आणले. वाटले होते म्हैस पाहून घाबरेल. त्याने बाह्या सरसावल्या, गुलाबोच्या मानेवर थापटले, एका खेपेत शीर सापडली. म्हणाला, बाराबंकीत त्याच्या घरी पाच म्हशी आहेत, माणसांपेक्षा यांच्या शिरा इमानदार. अम्मांनी त्याला दोनदा चहा दिला. दोघे भोजपुरी की अवधी कशात तरी खूप हसले. मी नळी उभी धरून थांबलो होतो.

ताप १०२.

२९ ऑक्टोबर, सोमवार
अडचण. लॅबच्या कॉम्प्युटरमध्ये जनावराची नोंद करायची सोयच नाही. नाव, वय, स्त्री की पुरुष, एवढेच विचारतो. पैसे भरायचे नसतील तर स्टाफचा नातेवाईक असावा लागतो. विचार करून भरले: नाव गुलाबो. वय सहा. स्त्री. नाते: बहीण. त्यावर कॉम्प्युटरने आपणहून "कुमारी" लावले.

खोटे असे त्यात काही नाही. वय खरे आहे. स्त्री खरे आहे.

टेस्ट पूर्ण फीवर प्रोफाइल निवडली, शेवटच्या ब्रुसेलासकट. स्वतःसाठी फक्त विडाल केली होती. माझे मला माहीत असते. तिच्या बाबतीत हयगय नको.

३० ऑक्टोबर, मंगळवार
जे झाले ते क्रमाने लिहितो.

संध्याकाळी डॉ. निगम रिपोर्टांवर सह्या करत होते. आमचे पॅथॉलॉजिस्ट, लॅबचे मालक, साठीचे, आवाज कधी चढत नाही. आज मला आत बोलावले आणि आवाज चढलाच. गुलाबोचा ब्रुसेला जोरात पॉझिटिव्ह. इतका की त्यांनी स्वतः पुन्हा करून पाहिला. म्हणाले, तुझी सहा वर्षांची बहीण आहे हे कधी बोलला नाहीस. बच्ची कुठे आहे, बुखार किती, सांधे सुजले का, आत्ताच्या आत्ता घेऊन ये, मी मेडिकल कॉलेजला फोन लावतो.

मी म्हणालो, सर, तिला ताप नाही. ताप मला आहे.

त्यांचे लक्षच नव्हते. फोनचा रिसीव्हर हातात. विचारले, "बच्ची कच्चा दूध पीती है?"

मी खरे तेच सांगितले. "पीती नहीं सर. देती है."

रिसीव्हर खाली आला. दाराबाहेर राजाराम जमिनीवर बसला होता, तोंडात रुमाल कोंबून. मग मी सगळे सांगितले. सर पुष्कळ बोलले. माणसांच्या मशीनमध्ये भैंस, रजिस्टरमध्ये भैंस, कुमारी भैंस! तीस वर्षांत असा गाढव पाहिला नाही. (म्हैस की गाढव, हे एकदा ठरवायला हवे होते.)

मग ते एकदम थांबले. माझ्याकडे पाहिले. शर्ट, कपाळ, उभे राहण्याची पद्धत. आवाज परत खाली आला.

"और पीता कौन है?"

३१ ऑक्टोबर
माझाही पॉझिटिव्ह. आमच्या दोघांचे रिपोर्ट मीच टाइप केले. एकाखाली एक.

म्हणजे टायफॉइड नाही, मलेरिया नाही, टीबी नाही. ब्रुसेलोसिस. ते न सांगितलेले लक्षणही त्याचेच, सरांनी न विचारता ओळखले. सहा आठवडे दोन औषधे. एक सकाळी, लघवी नारिंगी होते, घाबरायचे नाही. दुसरे सकाळी आणि संध्याकाळी. एकही गोळी चुकली तर ताप उलटतो, असे सरांनी दोनदा बजावले. नोकरी राहिली. कॉम्प्युटरमध्ये नवीन नाव घालण्याचा अधिकार काढून घेतला.

तरी एक गोष्ट नोंदवायला हवी. निदान लागले ते माझ्या केसमुळे.

१ नोव्हेंबर
सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न आहे. अम्मांच्या दारावर सूचना चिकटवली. शुद्ध हिंदीत, जंतूचे पूर्ण नाव इंग्रजीत, खाली जाड रेघ. "इस घर की भैंस संक्रमित है. दूध उबालकर पियें. जनहित में जारी." अक्षर चांगले आले.

अम्मांना वाचता येत नाही. त्यांनी विचारले, कशाचे आहे. मी म्हणालो, लोकांच्या भल्याचे.

३ नोव्हेंबर
आज कोणी दूध घेतले नाही. रोजच्या गिऱ्हाइक गुप्ताइन आल्या, दार वाचले, भांडे पदराखाली घेऊन परत गेल्या. अम्मा त्यांच्या मागे गल्लीच्या टोकापर्यंत गेल्या. काय बोलणे झाले कळले नाही. परत येऊन सूचना काढली, चुरगाळली नाही, घडी करून मला दिली.

लोकांची मनोवृत्ती अशास्त्रीय आहे.

४ नोव्हेंबर, रविवार
प्रणिता मॅडम माझ्या घरी आल्या!

काल विहारातल्या नयनाताईंकडून त्यांना माझ्या आजाराचे कळले, मग मॅडमनीच मला फोन केला. मी सकाळी खोली झाडली, चादर बदलली, क्रीमची बिस्किटे आणली, दोन कप धुतले.

मॅडम गमबूट घालून आल्या. खांद्यापर्यंत ग्लोव्हज. थेट गोठ्यात. दोन तास. गुलाबोला सगळीकडून तपासले, मग उंबऱ्यावर बसून अम्मांशी बोलल्या. हिंदीत, पण नागपूरच्या. अम्मांना त्यांनी सगळे खरे सांगितले. जनावरात हा रोग बरा होत नाही. दुसऱ्या जनावराजवळ बांधायची नाही, पुन्हा फळवायची नाही. दूध उकळून घेतले तर कोणाला काही होत नाही. अम्मा म्हणाल्या, "उबालते तो सब हैं, बिटिया."

नंतर मॅडम माझ्याकडे वळल्या. घाम येतो का? गोळ्या वेळेवर? मग म्हणाल्या, "तू तर म्हणाला होतास उकळून घेतो म्हणून."

मी बिस्किटे पुढे केली. त्यांनी हात दाखवले. हात घाण होते.

त्यांना न्यायला स्कूटरवर अभय नावाचे एक गृहस्थ आले. भाऊ असावेत. चेहरा जुळत नाही, पण भावाभावांचाही पुष्कळदा जुळत नाही.

५ नोव्हेंबर, सोमवार
"जनावरात बरा होत नाही" हे मला मान्य नाही. जंतू तोच. माझ्यात मरतो, तर तिच्यात का मरू नये? फरक खर्चाचा आहे. म्हशीला कोण सहा आठवडे गोळ्या देणार, म्हणून कोणी देत नाही.

मी देणार.

योजना: संध्याकाळची माझी गोळी तिला, गुळात घालून. सकाळची नारिंगीवाली एक दिवस मला, एक दिवस तिला. मी तरुण आहे, निम्म्यात भागेल. ती बरी झाली की मॅडमना रिपोर्ट दाखवायचा. अम्मांना काही सांगायचे नाही, आनंदाचा धक्का.

९ नोव्हेंबर
माझी लघवी नारिंगी. गुलाबोची नाही. म्हणजे तिला डोस कमी पडतो आहे. संध्याकाळच्या माझ्या गोळीबरोबर सकाळचीही तिला द्यावी का, विचार चालू.

राजाराम रोज सकाळी हजेरीच्या वेळी विचारतो, "बहनजी कैसी हैं?" पूर्वी राग यायचा. आता मी सांगतो, सुधारत आहेत. दिवसात माझी विचारपूस अशी ती एकच होते.

११ नोव्हेंबर, रविवार
विहार. मॅडमबरोबर अभयही आले होते. भाऊ नाहीत.

१३ नोव्हेंबर, दिवाळी
गल्लीत फटाके. गुलाबो बावरली, म्हणून गोठ्यात जाऊन बसलो. तिच्या पाठीवर हात ठेवला की ती थरथरायची थांबते. मीही थांबतो, असे लक्षात आले. मला संध्याकाळी थंडी वाजली होती, पण ते थंडीचेच दिवस आहेत.

तिला वर्ध्याचे सांगितले. आमच्या शाळेमागचे तळे, बाबांची सायकल. आजवर हे कोणाला सांगायची वेळ आली नव्हती.

अम्मांनी दारात एकच दिवा लावला होता. दुधाचे भांडे पालथे.

१६ नोव्हेंबर
ताप १०१. चुकून.

गुलाबो खात नाही. कडबा तसाच. रवंथही नाही. पोट एका बाजूला फुगल्यासारखे. औषध लागू पडताना असे होते. मलाही पहिल्या दिवसांत मळमळले होते.

१८ नोव्हेंबर, रविवार
प्रणिता मॅडम अम्मांना नंबर देऊन गेल्या होत्या; त्यावर राजारामकरवी फोन लावून अम्मांनी त्यांना बोलावले. मला विचारले नाही.

मॅडमनी गुलाबोच्या कुशीवर कान ठेवला. मग विचारले, हिला काही खायला घातले का. अम्मा नाही म्हणाल्या. मी गुळाचा डबा लपवत होतो, तो मॅडमनी पाहिला.

त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरे झाले असते. म्हणाल्या, "अरे, म्हशीच्या पोटात चारा पचवणारे जंतू असतात. तू तेच मारलेस. आणि एवढ्याशा गोळ्यांनी तिचा रोग हलणारही नाही. आणि तुझा?" माझ्या कपाळाला हात लावला. इतके दिवस मी ज्या गोष्टीची कल्पना करत होतो ती झाली, आणि त्या म्हणाल्या, "ताप आहे तुला. कोर्स वाया घालवलास, दोघांचाही."

मग त्यांनी अम्मांना काय काय द्यायचे ते सांगितले. काढा, ताक, एक दुसरे औषध. अम्मा ऐकत होत्या. त्यांची नजर माझ्या खिडकीवर होती.

जाताना मॅडम म्हणाल्या, "सुबोध, निदान विचारायचंस तरी." मी म्हणालो, हो ताई.

२१ नोव्हेंबर
गुलाबो थोडे खाऊ लागली. अम्मांनी तिला तळहातावरून ताक चाटवले, तीन दिवस, तिच्याजवळच झोपून.

माझ्या खिडकीशी आली नाही. पण दावे तेवढे लांब नाही, हेही लक्षात घ्यायला हवे.

२४ नोव्हेंबर, शनिवार
लॅबमधून आलो तर दारात छोटा ट्रक. अम्मांनी गुलाबो विकली. मी म्हणालो, थोडे थांबा, मी काहीतरी करतो. त्या म्हणाल्या, "भैया, अब तुम कुछ मत करो."

चिडून नाही. दमून.

व्यापाऱ्याला मी विचारले, कुठे नेणार. म्हणाला, बाराबंकी, मोठा गोठा आहे, मोकळी जागा, तलाव. वर्णन पटण्यासारखे होते. बाराबंकीत म्हशी असतात, हे राजारामही बोललेला आहे. मी त्याला रोगाविषयी सांगितले, वेगळी बांधायची. तो "हाँ हाँ, बिलकुल" म्हणाला. माणूस जबाबदार वाटला.

चढताना ती अडली. मी मराठीत म्हणालो, चल गुलाबो, चढ. ती चढली.

ट्रक रायबरेली रोडला लागून दक्षिणेकडे गेला. बाराबंकी उलट बाजूला आहे. पण शहरातून मोठ्या गाडीला दिवसा बंदी असते, त्यामुळे वळसा घालून जात असणार.

२६ नोव्हेंबर, सोमवार
हजेरीच्या वेळी राजारामने विचारले, "बहनजी कैसी हैं?" मी म्हणालो, बाराबंकी गई हैं. त्याने ट्रकचा रंग विचारला, कोण माणूस, कुठल्या बाजूने. सांगितले. स्वतःच्या डब्यातली पुरी माझ्या डब्यात ठेवली.

नंतर दिवसभर त्याने माझी एकदाही थट्टा केली नाही. तेव्हा मला समजायला हरकत नव्हती.

निगम सरांनी कोर्स पुन्हा पहिल्यापासून सुरू केला. सहा आठवडे. सकाळची गोळी ते स्वतःसमोर घ्यायला लावतात.

२८ नोव्हेंबर
गल्लीत चौकशी केली. गुप्ताइन, कोपऱ्यावरचा इस्त्रीवाला, मशिदीमागची दोन घरे. कोणाला ताप आला का, सांधे? कोणाला नाही. सगळे दूध उकळून घेत होते, वर्षानुवर्षे. चहाला, दह्याला, पोरांना. गुप्ताइन म्हणाल्या, कच्चे दूध कोण पितो, आम्ही काय वासरे आहोत?

म्हणजे सगळ्या गिऱ्हाइकांत न उकळता पिणारा मी एकटाच होतो. सूचना ज्याच्यासाठी होती, त्यानेच ती लिहिली होती.

कात्रण फाडले.

२ डिसेंबर, रविवार. सकाळी ७.१५
विहारात गेलो नाही. आईला फोन केला. बोलायला कोणी आहे का, तिने विचारले. लाइन खराब आहे म्हणालो. लाइन चांगली होती.

आजपासून पाणी एकदाच उकळणार. ही वही इथे संपवतो. गेल्या वर्षाच्या डायरीचे उरलेले कागद होते, तेही संपलेच आहेत.

बाराबंकी त्या बाजूला नाही.

हिशेब.

खर्च:
गोळ्या, पहिला कोर्स, यातील बराच गुळातून: ६४०.
गूळ: ३०.
क्रीमची बिस्किटे, न फोडलेली: २५.
समोसे, राजाराम: ४०.
ग्लोव्हज, एक जोडी, सील न फोडलेली: फुकट.

देणे:
गोळ्या, दुसरा कोर्स, निगम सरांकडून: ६४०. ते नको म्हणतात. देणार.
खोलीभाडे, नोव्हेंबर: १२००.
गुलाबो चांगली असती तर पंचेचाळीस हजार, गेली अकरात. फरक चौतीस हजार. हप्त्याने देईन असे अम्मांना सांगितले. त्या म्हणाल्या, पहले ठीक हो जाओ.
दूध, आज सकाळी, एक ग्लास. पिशवीचे आहे. अम्मांनी दुकानातून आणले, उकळले, साय काढली आणि माझ्या उंबऱ्यावर झाकून ठेवून गेल्या. किंमत विचारली नाही. हे कोणत्या बाजूला लिहायचे ते ठरत नाही.